तो गेला नाही: केंगो नाकामुरा आणि कावासाकीचे अठरा हंगाम

आपल्याकडे ‘निष्ठावंत’ हा शब्द तिकीटवाटपाच्या बातम्यांत इतका झिजला आहे की तो कानावर पडला की पहिली शंका येते, याला दुसरीकडे कुणी विचारलं नसेल. फुटबॉलमध्येही फारसं वेगळं नसतं. एकाच क्लबात आख्खी कारकीर्द घालवणारे बरेच खेळाडू सोय बघून राहिलेले असतात. क्लब श्रीमंत, पगार चांगला, दर दोन-तीन वर्षांनी एखादा चषक. मग जायचं कशाला?

केंगो नाकामुराचं तसं नाही, म्हणून त्याचं प्रकरण अभ्यासाला घेतलं. २००३ ते २०२० असे अठरा हंगाम तो कावासाकी फ्रोंताले या एकाच क्लबाकडून मधल्या फळीत खेळला. त्यातल्या पहिल्या चौदा हंगामांत त्याच्या हाती एकही मोठा चषक आला नाही. ज्या वयात खेळाडू समालोचनाच्या खुर्चीत बसलेले असतात, त्या वयात त्याला सगळं मिळालं, आणि तेही एकदम.

प्रकरण अभ्यासात नावं झाकायची रीत आहे. इथे ती पाळण्यात अर्थ नव्हता. चौदा नंबरचा सदरा, कावासाकी आणि चाळिसाव्या वाढदिवसाचा गोल एवढं सांगितलं तरी जपानमधला शाळकरी पोरगाही ओळखेल. घरच्या लोकांना आणि खासगी गोष्टींना मात्र हात लावलेला नाही. आणि त्याला पुढे ‘केंगो’ म्हटलं आहे, कारण जपानी फुटबॉलमध्ये नुसतं ‘नाकामुरा’ म्हटलं की शुन्सुके नाकामुरा हा दुसराच नामवंत खेळाडू समोर उभा राहतो.

पार्श्वभूमी: संघ सोडून जातात असं शहर

खेळाडूआधी शहर सांगायला हवं, नाहीतर या प्रकरणातलं मर्म हातून निसटतं. कावासाकी म्हणजे टोकियो आणि योकोहामा यांच्या मधोमध सापडलेली कारखान्यांची पट्टी. तामा नदी ओलांडली की टोकियो. मोठ्या शहरांच्या शेजारी राहणाऱ्याचं जे होतं तेच याचं झालं. इथे रुजलेलं पीक दुसऱ्याच्या खळ्यात गेलं. बेसबॉलचा ताइयो व्हेल्स संघ १९७८ मध्ये योकोहामाला गेला. लोत्ते ओरायन्स १९९२ मध्ये चिबाला गेला. मग फुटबॉलची व्यावसायिक जे-लीग सुरू झाली आणि वेर्दी कावासाकी या झगमगत्या संघाने १९९३ आणि १९९४ ची पहिली दोन्ही विजेतेपदं पटकावली. शहराला वाटलं, चला, आता काहीतरी आपलं झालं. २००१ मध्ये वेर्दीही नदीपलीकडे टोकियोला निघून गेला.

मागे राहिला फ्रोंताले. मूळचा फुजित्सु कंपनीचा, १९५५ पासूनचा संघ. २००० मध्ये तो वरच्या श्रेणीत, म्हणजे जे-वनमध्ये चढला आणि त्याच वर्षी तळाला राहून जे-टूमध्ये घसरला. तोदोरोकी मैदानाच्या स्टँडमध्ये तेव्हा माणसं कमी आणि खुर्च्या जास्त अशी अवस्था असे. तीनदा हात पोळलेलं शहर चौथ्यांदा जीव लावायला कचरत होतं, आणि त्यात त्याचं काही चुकत नव्हतं.

अशा क्लबात २००३ साली विद्यापीठातून एक बारकुडा पोरगा आला. जन्म ३१ ऑक्टोबर १९८०, वाढला टोकियोच्या कोदाइरा भागात. माध्यमिक शाळेत गेला तेव्हा त्याची उंची होती १३६ सेंटीमीटर. त्या वयात शरीराने दांडगी मुलं बॉल घेऊन सरळ अंगावरून जातात, आणि लहानखुऱ्याकडे उपाय एकच उरतो, तो म्हणजे कुणी अंगावर यायच्या आत बॉल सोडून मोकळं व्हायचं. मैदान आधी वाचायची सवय त्याला लागली ती अशी, गरजेपोटी. पुढे तो चुओ विद्यापीठाकडून खेळला. तिथे संघ विभागीय लीगच्या दुसऱ्या गटात घसरला होता. शेवटच्या वर्षी कर्णधार म्हणून त्याने तो पुन्हा वर आणला. तरीही मोठ्या क्लबांची दारात रांग लागली नव्हती. फ्रोंतालेच्या सरावात जाऊन, खेळून दाखवून मग त्याला जागा मिळाली.

म्हणजे सुरुवातीला निष्ठेचा प्रश्नच नव्हता. ज्याने दार उघडलं त्याच्याकडे तो गेला. हे लिहून ठेवणं गरजेचं वाटतं, कारण पुढे अशा कारकिर्दींवर भावुक गोष्टी रचल्या जातात आणि पहिल्या दिवसापासून ‘रक्तात क्लब होता’ असं सांगितलं जातं. रक्तात काही नव्हतं. जे झालं ते हळूहळू साचत गेलं.

पहिला निर्णय: जागा बदलणं

२००३ मध्ये फ्रोंताले जे-टूमध्ये तिसरा आला. वर चढण्याची संधी एका गुणाने हुकली. पुढच्या वर्षी ताकाशी सेकिझुका प्रशिक्षक झाले आणि त्यांनी या पोराला आघाडीच्या मागच्या जागेवरून खाली, बचावफळीच्या पुढ्यात आणून उभं केलं. जपानी लोक या जागेला ‘बोरांची’ म्हणतात. शब्द ब्राझीलच्या पोर्तुगीजमधून आलेला, मूळ ‘व्होलांते’, म्हणजे गाडीचं स्टिअरिंग.

कुठल्याही हल्ला चढवणाऱ्या तरुण खेळाडूला हे पदावनतीसारखं वाटतं. गोल करणारा तो हिरो. मागे उभा राहणारा हमाल. केंगोने ती जागा घेतली. खाली आल्यावर त्याला आख्खं मैदान समोर दिसू लागलं, आणि २००३ मध्ये त्याच्यासोबतच क्लबात आलेला ब्राझीलचा जुनिन्यो पुढे धावतच होता. बॉल पायात येण्याआधी मान वर, एक नजर, आणि बचावपटूंच्या मागच्या रिकाम्या जागेत सरळ पास. हे दृश्य पुढची सात-आठ वर्षं तोदोरोकीवर इतक्या वेळा दिसलं की प्रतिस्पर्ध्यांनाही ते पाठ झालं होतं. पाठ असूनही अडवता येत नव्हतं.

२००४ मध्ये फ्रोंतालेने १०५ गुण मिळवून जे-टू जिंकली. वरच्या श्रेणीत गेल्यावर दुसऱ्याच वर्षी, २००६ मध्ये, संघ थेट दुसरा आला. त्या वर्षी ऑक्टोबरमध्ये राष्ट्रीय प्रशिक्षक इव्हिका ओसिम यांनी केंगोला जपानच्या संघात घेतलं. त्याचा देशासाठीचा पहिला गोल झाला तो आपल्याच देशात, ११ ऑक्टोबर २००६ रोजी बंगळुरूत, आशियाई चषकाच्या पात्रता फेरीत. पेनल्टी क्षेत्राच्या बाहेरून मारलेला लांबचा फटका. जपान ३–० ने जिंकला. त्या संध्याकाळी मैदानात असलेल्या आपल्या लोकांपैकी किती जणांना या गोल करणाऱ्याचं नाव लक्षात राहिलं असेल, देव जाणे.

प्रश्न: रौप्यपदकांचा ढीग

इथून प्रकरण अवघड होतं. हरणाऱ्या संघाला सोडणं सोपं असतं, जिंकणाऱ्या संघात राहणंही सोपं असतं. फ्रोंताले दोन्हींत बसत नव्हता. तो दुसरा येत होता. पुन्हा पुन्हा.

२००६ मध्ये लीगमध्ये दुसरा. २००७ मध्ये लीग चषकाच्या अंतिम सामन्यात गांबा ओसाकाकडून ०–१. त्याच वर्षी आशियाई चॅम्पियन्स लीगच्या उपउपांत्य फेरीत इराणच्या सेपाहानविरुद्ध दोन्ही सामन्यांत गोल नाही आणि पेनल्टी किकवर बाद. २००८ मध्ये लीगमध्ये पुन्हा दुसरा, काशिमाच्या तीन गुण मागे. २००९ मध्ये तर हातातोंडाशी आलेला घास गेला. अखेरून दुसऱ्या फेरीत, खालच्या श्रेणीत जाणं आधीच नक्की झालेल्या ओइताकडून संघ ०–१ ने हरला आणि काशिमा पुढे निघून गेला. शेवटी फरक उरला दोन गुणांचा.

त्याच २००९ च्या नोव्हेंबरात लीग चषकाचा अंतिम सामना एफसी टोकियोविरुद्ध ०–२ असा गेला. बक्षीस समारंभात फ्रोंतालेच्या काही खेळाडूंनी उपविजेतेपदाची पदकं गळ्यात पडताच काढून टाकली. जपानसारख्या देशात हे फार झोंबलं. क्लबाला जाहीर माफी मागावी लागली आणि बक्षिसाची रक्कम परत करायची तयारी दाखवावी लागली. मला मात्र ती पदकं काढणारे हात समजतात. चूक होतीच, पण सतत दुसरं येण्याने माणूस कसा आंबट होत जातो ते त्या एका दृश्यात उघडं पडलं. लोकांनी संघाला ‘रौप्यसंग्राहक’ असं नावही चिकटवून टाकलं होतं.

वैयक्तिक पातळीवर केंगोचं उत्तम चाललं होतं. २००६ पासून २०१० पर्यंत दरवर्षी लीगच्या सर्वोत्तम अकरांत त्याचं नाव होतं. म्हणजे खेळाडू अव्वल, संघ दुय्यम. जाण्याचा विचार डोक्यात यायला याहून सुपीक जमीन नसते.

२०१०: कुठले रस्ते होते

फेब्रुवारी २०१० मध्ये कोरियात सोंगनामविरुद्धच्या सामन्यात त्याचा खालचा जबडा मोडला. विश्वचषक चार महिन्यांवर होता. तो सावरला, दक्षिण आफ्रिकेला गेला, पण खेळायला मिळालं ते एकाच सामन्यात, बाद फेरीत पराग्वेविरुद्ध, ८१ व्या मिनिटाला बदली म्हणून. सामना गोलशून्य राहिला आणि जपान पेनल्टी किकवर हरला.

त्या उन्हाळ्यात जपानी फुटबॉलला पंख फुटले. नागातोमो इटलीत, उचिदा आणि कागावा जर्मनीत. फ्रोंतालेच्याच ड्रेसिंग रूममधून गोलरक्षक एइजी कावाशिमा बेल्जियमला गेला आणि आघाडीवीर जोंग ताए-से जर्मनीत बोखुमला. शेजारची दोन कपाटं एकाच महिन्यात रिकामी झाली. केंगो ऑक्टोबरात तिशीचा होणार होता.

बाहेरून पाहता त्याच्यापुढे तीन वाटा होत्या.

एक, युरोप. तिशीतल्या आशियाई खेळाडूला तिथे क्वचितच दुसरी संधी मिळते. जायचं तर तेव्हाच. फायदा उघड होता, वेगळ्या दर्जाचा खेळ आणि राष्ट्रीय संघातलं वजन. धोकाही उघड होता. त्याचा खेळ वेगावर किंवा ताकदीवर उभा नव्हता. कोण कुठे धावणार हे माहीत असण्यावर उभा होता, आणि ही माहिती बॅगेत भरून नेता येत नाही. नव्या गावात ती शून्यापासून जमवावी लागते.

दुसरी वाट होती देशातलाच एखादा जिंकणारा क्लब. कागदावर सर्वांत शहाणपणाची आणि कावासाकीत सर्वांत जिव्हारी लागणारी. ज्या शहराला तीन संघ सोडून गेले, त्याला आणखी एक रामराम.

तिसरी, राहायचं आणि आणखी काही वर्षं दुसरं यायची तयारी ठेवायची.

तो राहिला. का, याचं एकच कारण शोधणं मला भाबडेपणाचं वाटतं. पण या क्लबात खेळाडू असणं म्हणजे काय, तेवढं बघितलं तरी बरंच कळतं. फ्रोंतालेच्या खेळाडूंना गावात उतरावं लागतं. बाजारपेठेत, शाळांत, सार्वजनिक स्नानगृहांत. केळ्यांच्या प्रचारासाठी केंगोने डोक्यावर केळ्याचा वेश चढवलेली छायाचित्रं जुने चाहते अजून काढून दाखवतात. क्लबाने शहरातल्या सहावीच्या मुलांसाठी गणिताच्या सरावाची वही काढली, त्यात उदाहरणं फ्रोंतालेच्या खेळाडूंची. मार्च २०११ च्या भूकंपात आणि त्सुनामीत रिकुझेनताकाता या गावाची धूळधाण झाली, मुलांचं शालेय साहित्य वाहून गेलं, तेव्हा क्लबाने याच वह्या तिकडे पाठवल्या. पुढे त्या गावाशी नातं जुळलं ते आजही टिकून आहे, आणि त्यात केंगो पहिल्यापासून पुढे होता. असल्या कामांत सात-आठ वर्षं मुरलेला माणूस ‘क्लब बदलतो’ म्हणतो, तेव्हा तो नुसता मालक बदलत नसतो, एवढं नक्की.

राहण्याचं बक्षीस मिळालं का? छे. २०११ मध्ये संघ लागोपाठ आठ सामने हरला आणि अकरावा आला. निष्ठेच्या कथेत हे वर्ष कुणी सांगत नाही.

कृती: एकतिसाव्या वर्षी पुन्हा बाराखडी

माझ्या मते या प्रकरणातला सर्वांत महत्त्वाचा निर्णय २०१० चा नाहीच. तो २०१२ चा आहे.

त्या वर्षी यासुहिरो काझामा प्रशिक्षक म्हणून आले आणि त्यांनी व्यावसायिक खेळाडूंना दोन गोष्टी शिकवायला घेतल्या, बॉल थांबवणं आणि बॉल मारणं. हो, एवढंच. पण थांबवणं म्हणजे पायाशी कसाबसा आणणं नव्हे. बॉल मैदानावर ठेवल्यासारखा निश्चल व्हायला हवा, आणि तोही अशा एका ठिकाणी जिथून पुढच्याच क्षणी, पाय जुळवायला जादा पाऊल न टाकता, हव्या त्या दिशेला मारता येईल. बॉल किंचित जरी गडगडत राहिला तरी नजर त्याच्यावर खिळते. नजर खाली गेली की मैदान दिसत नाही. पास उशिरा सुटतो.

याला जोडून काझामांनी ‘मोकळा’ या शब्दाचा अर्थच फिरवला. नेहमीच्या भाषेत आजूबाजूला प्रतिस्पर्धी नसला की खेळाडू मोकळा. काझामांच्या मते बॉल अचूक थांबवू शकणारा खेळाडू अंगाला अंग लागलं असतानाही मोकळाच असतो, कारण समोरच्याला पाय घालायची फटच सापडत नाही. मग पास द्यायला जागा शोधत बसावं लागत नाही, थेट माणसाच्या पायात देता येतो.

केंगो तेव्हा एकतीस वर्षांचा. पाच वेळा सर्वोत्तम अकरांत निवडलेला, विश्वचषक खेळून आलेला. ‘मला बॉल थांबवता येतो’ म्हणून त्याने हात झटकले असते तर कुणी बोललं नसतं. पण संघ मात्र बदलला नसता, कारण तरुण पोरं प्रशिक्षकाकडे नंतर आणि त्याच्याकडे आधी बघत होती. तो पोरांच्या रांगेत उभा राहिला आणि पुन्हा बॉल थांबवायला शिकला. लहानपणी अंगावर येणाऱ्यांना चुकवण्यासाठी जे कमावलं होतं, त्याचीच ही पक्की, शास्त्रशुद्ध आवृत्ती होती म्हणा ना.

निकाल लगेच आले नाहीत. २०१३ मध्ये आलेला योशितो ओकुबो सलग तीन हंगाम लीगमध्ये सर्वाधिक गोल करणारा ठरला, आणि त्यातले कितीतरी पास केंगोच्या पायातून निघालेले. २०१४ च्या विश्वचषकासाठी राष्ट्रीय संघ जाहीर झाला तेव्हा ऐनवेळी ओकुबोचं नाव आलं. केंगो राखीव यादीतच राहिला. पास घेणारा गेला, देणारा घरी. जपानकडून ६८ सामने आणि ६ गोल, तिथेच खातं बंद झालं.

२०१६ मध्ये जे-लीगचा सर्वोत्तम खेळाडू म्हणून त्याची निवड झाली. वय ३६. इतक्या वयात हा मान तोवर कुणालाही मिळाला नव्हता. आणि विजेतेपद? वर्षभरात सर्वाधिक गुणांत फ्रोंताले दुसरा. त्या वर्षीच्या पद्धतीनुसार झालेल्या बाद फेरीत काशिमाकडून ०–१ ने हार, तीही घरच्या मैदानावर. १ जानेवारी २०१७ ला सम्राट चषकाच्या अंतिम सामन्यात परत काशिमा, जादा वेळेत १–२.

पट्टी काढून देणं

२०१७ मध्ये काझामा गेले. त्यांच्या हाताखाली काम केलेले आणि स्वतः फ्रोंतालेकडून खेळलेले तोरु ओनिकी प्रशिक्षक झाले. ओनिकींनी कर्णधारपदाची पट्टी यु कोबायाशीकडे दिली आणि केंगोला पुन्हा पुढे, आघाडीच्या मागे सरकवलं. तेरा वर्षांपूर्वी जिथून त्याला मागे आणलं होतं, बरोबर तिथे.

सर्वोत्तम खेळाडूचा मान मिळवलेल्या माणसाची पट्टी पुढच्याच हंगामात काढून घेणं हा धाडसी निर्णय होता. अशा वेळी दोन सत्ताकेंद्रं तयार होतात. जुन्याचं ऐकायचं की नव्याचं, यात संघाचे दोन तट पडतात आणि मग गुण गळू लागतात. इथे तसं झालं नाही, आणि त्याचं श्रेय मी तिघांनाही देतो. ओनिकींनी त्याला नुसतं बाजूला केलं नाही, नवं काम दिलं. कोबायाशीने सावलीत राहून नेतृत्व केलं नाही. आणि केंगोने पुढच्या जागेवर पळून प्रतिस्पर्ध्यांच्या बचावफळीवर दबाव टाकण्याचं कष्टाचं काम छत्तिसाव्या वर्षी अंगावर घेतलं.

२ डिसेंबर २०१७, शेवटची फेरी. काशिमा ७१ गुणांवर, फ्रोंताले ६९ वर. काशिमा इवातामध्ये जिंकला की विषय संपला. तोदोरोकीवर फ्रोंतालेसमोर ओमिया होता. पहिल्याच मिनिटात हिरोयुकी आबेने गोल केला. कोबायाशीने तीन ठोकले. ५–०. तिकडे इवातामध्ये सामना गोलशून्य सुटला. दोघेही ७२ गुणांवर आणि गोलफरकात फ्रोंताले पुढे. निकाल कळताच केंगो मैदानावर कोसळला आणि गवतात तोंड खुपसून रडला. सदतीस वर्षांचा माणूस, पंधरावा हंगाम.

पण विजेत्याला द्यायची खरी ढाल होती इवातात, काशिमासाठी नेलेली. कावासाकीच्या हातात उंचवायला काहीच नव्हतं. मग आलं काय, तर आंघोळीच्या वेळी अंगावर पाणी घ्यायचं गोल, उथळ भांडं. शहरातल्या सार्वजनिक स्नानगृहांबरोबर क्लब जो उपक्रम चालवत असे, त्यातलं. कोबायाशीने तेच दोन्ही हातांनी डोक्यावर उचललं आणि मागे सगळ्यांनी जल्लोष केला. फ्रोंतालेचं पहिलं विजेतेपद छायाचित्रांत असं नोंदलं गेलं. चकाकती ढाल असती तर हा फोटो इतका कावासाकीचा वाटला नसता.

निकाल, आणि आधीच ठरवलेला शेवट

धरण फुटल्यासारखं झालं. २०१८ मध्ये लीग पुन्हा जिंकली. २०१९ मध्ये सप्पोरोविरुद्ध ३–३ बरोबरीनंतर पेनल्टी किकवर लीग चषकही मिळाला, ज्याच्या अंतिम फेरीतले पराभव क्लबाला तोंडपाठ होते. पण आठवड्याभरातच, २ नोव्हेंबर २०१९ ला, हिरोशिमाविरुद्धच्या सामन्यात केंगोच्या डाव्या गुडघ्यातलं पुढचं लिगामेंट तुटलं. वय ३९.

आता एक गोष्ट सांगायला हवी, जी तेव्हा बाहेर कुणाला ठाऊक नव्हती. पस्तिसाव्या वर्षीच त्याने चाळीसला थांबायचं ठरवून टाकलं होतं. म्हणजे २०१६ चा सर्वोत्तम खेळाडू, २०१७ चे अश्रू, हे सगळं घडत असताना त्याच्या मनात शेवटची तारीख लिहिलेली होती. सर्वसाधारणपणे अशी दुखापत हीच निवृत्ती असते. पत्रकार परिषद, हार, टाळ्या. त्याने उलटं केलं. शस्त्रक्रिया, मग महिनोन्‌महिने मांडीचा स्नायू परत कमावणं, आणि मैदानावर परतूनच थांबायचं.

नशिबाचाही वाटा होता. कोरोनामुळे २०२० ची लीग पहिल्या फेरीनंतर जुलैपर्यंत बंद राहिली, त्यामुळे त्याचे चुकलेले सामने कमी झाले. पाच बदली खेळाडू वापरायची मुभा आल्याने शेवटची पंधरा मिनिटं खेळणाऱ्याला जागा निर्माण झाली. २९ ऑगस्टला शिमिझुविरुद्ध, ३०१ दिवसांनी, तो ७७ व्या मिनिटाला मैदानात उतरला आणि आठ मिनिटांत त्याने गोल केला. ३१ ऑक्टोबरला, चाळिसाव्या वाढदिवशी, नदीपलीकडच्या एफसी टोकियोविरुद्ध कावोरु मितोमाच्या पासवर त्याने विजयी गोल मारला. २–१. दुसऱ्या दिवशी निवृत्ती जाहीर केली. लोकांना वाटलं, आत्ता तर कुठे परत आला होता.

त्या हंगामात फ्रोंतालेने २६ सामने जिंकले, ८३ गुण मिळवले आणि चार फेऱ्या शिल्लक असताना लीग जिंकली. २०२१ मध्ये, केंगोशिवाय, पुन्हा जिंकली.

वेगळं काय करता आलं असतं

पहिला मुद्दा क्लबाचा. २००६ ते २००९ या चार वर्षांत सगळा खेळ एका माणसाच्या नजरेतून आणि जुनिन्योच्या पायांतून जात होता. तो संघ दुसरा येत राहिला त्यात दुर्दैव होतंच, पण प्रतिस्पर्ध्याने हा एक धागा दाबला की कापड उसवत होतं हेही खरं. काझामांनी जे २०१२ मध्ये सुरू केलं, म्हणजे अकराही जणांना सारख्या दर्जाचं मूलभूत कौशल्य देणं, ते चार वर्षं आधी झालं असतं तर? खेळाडूची निष्ठा क्लबाला आळशी बनवू शकते. तो आहेच, बघून घेईल, असं वाटत राहतं.

दुसरा मुद्दा युरोपचा. राहिला ते बरं झालं असं आज म्हणणं सोपं आहे, कारण २०१७ आपल्याला माहीत आहे. इवातामध्ये शेवटच्या क्षणी काशिमाचा एक गोल झाला असता तर हाच निर्णय लोकांनी हट्टीपणात जमा केला असता. निर्णय चांगला की वाईट हे २०१० मधल्या माहितीवरच तोलायला हवं, आणि त्या माहितीनुसार तो जवळजवळ समसमान होता, असं माझं मत आहे. सत्ताविसाव्या वर्षी गेला असता आणि तिशीत परतला असता, तर कदाचित शहरानेही समजून घेतलं असतं.

निवृत्तीचं वय आधी ठरवून ते मनात ठेवणं मात्र मला बिनचूक वाटतं. आधीच सांगितलं असतं तर प्रत्येक सामना निरोपाचा झाला असता, आणि गुडघा तुटल्यावर सहानुभूतीने त्याला घरी बसवलं असतं.

राहतो तो शेवटचा दिवस. १ जानेवारी २०२१, टोकियोचं राष्ट्रीय मैदान, सम्राट चषकाचा अंतिम सामना, समोर गांबा ओसाका. केंगोचा खेळाडू म्हणून अखेरचा सामना हे सगळ्यांना माहीत होतं. मितोमाच्या गोलने फ्रोंताले १–० पुढे. शेवटची दहा मिनिटं गांबा तुटून पडला होता. ओनिकींच्या हातात बदली खेळाडू होता, भावना होती, अठरा वर्षं होती. त्यांनी त्याला उतरवलं नाही.

मी हा सामना मित्रांबरोबर वादाचा विषय केला आहे आणि दर वेळी मत विभागलं जातं. दोन मिनिटं दिली असती तर काय बिघडलं असतं, असं एक बाजू म्हणते. दुसरी बाजू म्हणते, एका गोलाची आघाडी, समोरचा संघ बरोबरीसाठी जीव तोडतोय, आणि ज्या क्लबाने रौप्यपदकं मोजत पंधरा वर्षं काढली त्याच्या प्रशिक्षकाने तिथे भावनेला जागा द्यायची? मी ओनिकींच्या बाजूचा आहे. कोबायाशीला पट्टी देताना जो न्याय लावला, तोच त्यांनी इथेही लावला.

शिट्टी वाजली तेव्हा केंगो राखीव बाकापाशी होता. त्याने तिथूनच धाव घेतली, मैदानात.